मदत हवी आहे : रिकामी खुर्ची कॅमेऱ्यात कशी भरायची?

आयनेस्कोचं 'द चेअर्स' (पॅरिस, 1952) हे नाटक आम्ही जळगावात अहिराणीत करतो. त्यात म्हातारा-म्हातारी अदृश्य पाहुण्यांसाठी खुर्च्या मांडत जातात. आता केबल चॅनेलसाठी 50 मिनिटांत बसवायचंय. लेखक 1994ला गेले, म्हणजे हक्क शाबूत. परवानगीचा पत्रव्यवहार सुरू आहे.

अडलंय ते वेगळंच. रंगमंचावर म्हातारी "या, बठा" म्हणत खुर्ची सरकवते, पदराने धूळ झटकते, की प्रेक्षकाला पाहुणा दिसतो. कॅमेऱ्यात खुर्चीचा क्लोजअप घेतला तर नट आलाच नाही असं वाटतं! लांबून घेतलं तर नाटकाचं रेकॉर्डिंग. फक्त म्हातारीचा चेहरा धरला, तर खुर्च्यांची गर्दीच गायब.

कॅमेरे दोनच, वाडा एकच, ग्राफिक्स नाही. अदृश्य पाहुण्याच्या नजरेतून शॉट घेतला तर चालेल, की त्याने तो उगाच खरा होईल?