मदत हवी आहे: मुलीसाठी 'वन्या' नाव. नेमका अर्थ काय, आणि मराठीत चालेल का?

पारंबी:
नमस्कार मंडळी. बारसं पुढच्या रविवारी आहे आणि नाव अजून नक्की होत नाही. रोहिणी नक्षत्र, दुसरं चरण, म्हणून अक्षर 'वा' आलंय. झाडापानांशी नातं सांगणारं, छोटं, नव्या वळणाचं नाव हवंय. 'वन्या' सगळ्यांत जास्त आवडलंय, पण काही गोष्टी अडतात.

अर्थ प्रत्येक ठिकाणी वेगळा दिसतो. कुठे 'देवाची कृपा', कुठे 'वनदेवता', कुठे नुसतं 'जंगली'. घरातल्या मोठ्यांचं म्हणणं असं की हे मुलाचं नाव वाटतं आणि शाळेत 'वन्य प्राणी' म्हणून चिडवतील. शिवाय अक्षर 'वा' असताना 'व' चालतं का? आणि दाखल्यावर स्पेलिंग काय लिहावं? जाणकारांनी कृपया सविस्तर सांगावं.

धातुपाठ:
आधी अर्थाचं बघू, कारण तुम्ही वाचलंय त्यात दोन वेगळ्या नावांची सरमिसळ झाली आहे.

'देवाची कृपा' हा अर्थ रशियन 'वान्या'चा. ते 'इव्हान' या पुरुषनावाचं घरगुती रूप. इव्हानचं मूळ हिब्रू 'योहानान', म्हणजे 'देव कृपाळू आहे'. रोमन लिपीत वान्या आणि वन्या अगदी सारखे दिसतात, म्हणून नावांच्या याद्या करणाऱ्यांनी दोघांचे अर्थ एकाच ओळीत भरले. तो अर्थ सोडून द्या, तुमच्या नावाशी त्याचा संबंध नाही.

संस्कृतातला 'वन्या' दोन वाटांनी तयार होतो. पहिली वाट सोपी: 'वन्य' या विशेषणाचं स्त्रीलिंग, म्हणजे वनात जन्मलेली, रानातली. दुसरी फार कमी जणांना ठाऊक असते. पाणिनीचं एक सूत्र आहे, 'पाशादिभ्यो यः' (४.२.४९). ठरावीक शब्दांना 'य' लागून समूह दाखवणारा स्त्रीलिंगी शब्द होतो. तृण, म्हणजे गवत, त्यावरून 'तृण्या'. वात, म्हणजे वारा, त्यावरून 'वात्या', म्हणजे वावटळ. तसंच वन, त्यावरून 'वन्या'. अमरकोश या जुन्या संस्कृत शब्दकोशाच्या वनौषधिवर्गात, म्हणजे वनस्पतींच्या भागात, स्पष्ट म्हटलं आहे: 'वन्या वनसमूहे स्यात्'. एक झाड नव्हे, एक वनही नव्हे, वनामागे वन. पावसाळा सरताना घाटमाथ्यावर उभं राहून खाली कोकणाकडे पाहावं, तेव्हा धुक्यातून एकामागे एक हिरव्या रांगा वर येतात. त्याला एका शब्दात काय म्हणायचं, तर वन्या. 'जंगली' या भाषांतरात यातलं काहीच उरत नाही.

'वनदेवता' हा अर्थ मात्र या शब्दाला नाही. ती देवता 'अरण्यानी'. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातलं १४६ वं सूक्त तिचं आहे, सहाच ऋचांचं. संध्याकाळी रानात गाडी करकरल्यासारखा आवाज येतो, कुणी गाईला हाक मारल्यासारखं वाटतं, कुणी लाकूड तोडल्यासारखं. ती सगळी अरण्यानीची चाहूल. शेवटच्या ऋचेत तिला सुगंधी, नांगर न धरता भरपूर अन्न असलेली, मृगांची आई म्हटलं आहे. तुमचं अक्षर 'व' असल्यामुळे हे नाव उपयोगी नाही, पण घरात 'वनदेवता' अर्थावर कुणी अडून बसलं असेल तर त्यांना हे जरूर सांगा.

कानसेन:
अर्थ उत्तम आहे. खरी अडचण उच्चारात आहे, आणि तुमच्या घरच्या मोठ्यांनी ती बरोबर पकडली आहे.

मराठीत मुलाचं नाव तोडून '-या' लावतात: गणेशचा गण्या, प्रकाशचा पक्या, विनायकचा विन्या, रमेशचा रम्या. मुलीच्या नावाला 'ई' लागते: सुमनची सुमी, कमळची कमळी. म्हणून 'वन्या' ऐकल्यावर मराठी कान आधी मुलगा शोधतो. शेजारच्या कर्नाटकात 'रम्या' हे मुलीचं नाव म्हणून सहज चालतं. आपल्याकडे 'रम्या आला' हेच आधी ओठांवर येतं.

पण लिहायला सारखे दिसणारे हे शब्द बोलताना सारखे नसतात. 'दिव्याचा उजेड' आणि 'दिव्याचा भाऊ' मोठ्याने म्हणून बघा. पहिल्यात 'दि' हलका, जीभ 'व्या'वर चटकन पोचते. दुसऱ्यात 'दि'वर आघात येतो, जवळजवळ 'दिव्-व्या' असं म्हटलं जातं. 'पुण्याला गेलो' (गावाला) आणि 'पुण्याला सीमा नाही' यातही तोच फरक. छंदाच्या भाषेत सांगायचं तर एकीकडे पहिलं अक्षर लघू, दुसरीकडे गुरू.

'वन्या'चं हेच आहे. 'वन्-न्या' असं आघाताने म्हटलं तर ते कन्या, अनन्या यांच्या रांगेतलं मुलीचं नाव. 'व-न्या' असं हलकं म्हटलं की गण्याचा भाऊ. कोणतं रूढ होईल हे पहिल्या काही महिन्यांत घरचे कसं हाक मारतात त्यावर ठरतं. जिन्यावरून घाईत हाक मारताना आघात पहिल्यांदा गळतो, तेवढं सांभाळा.

आणखी एक. 'वन्याला', 'वन्याने', 'वन्याचं दप्तर' ही रूपं 'गण्याला', 'गण्याने'सारखीच होतात, त्यामुळे मुलगी आहे हे फक्त क्रियापदावरून कळतं. तोंडी व्यवहारात 'अगं वन्या' या 'अगं'वर बराच भार राहील.

हळदवेल:
कानसेन यांचा मुद्दा मान्य, पण इतकं घाबरायचं कारण नाही. दिवाकरला 'दिव्या' म्हणतातच की. म्हणून मुलींची 'दिव्या' ठेवायची थांबली का? विद्या, संध्या, दिव्या ही सगळी दोन अक्षरी, '-या'वर संपणारी नावं पिढ्यान्‌पिढ्या चालली आहेत. नाव रुळलं की कान आपोआप सरावतो.

'वन्य प्राणी'ची भीती त्यापेक्षा खरी आहे. 'वन्यजीव' हा शब्द मुलं पाठ्यपुस्तकात वाचणार आणि वर्गात जोडणार. त्यावर उपाय म्हणजे मुलीला तिच्या नावाचा पूर्ण अर्थ लहानपणीच माहीत असणं. 'वन्या म्हणजे पुष्कळ वनं' हे पाच वर्षांच्या पोरीला सहज सांगता येतं.

तरी 'व'वरून निसर्गाची आणखी नावं हवी असतील तर:

वल्लरी. वेल हा अर्थ सर्वांना माहीत आहे. अमरकोशात वल्लरी आणि मंजरी एकत्र दिल्या आहेत, म्हणजे मोहोराचा तुरा हाही अर्थ होतो. उच्चारात कसलीही शंका नाही, 'ल्ल'मुळे आघात कधी गळत नाही आणि मुलगाही वाटत नाही. माझं पहिलं मत याला.

वासंती. जुनं वाटेल, पण ही खरी वेल आहे. अमरकोशात वासंती म्हणजे माधवीलता, आपल्याकडे तिला हळदवेल म्हणतात. पांढऱ्या, झालरीसारख्या कडांच्या पाकळ्या, त्यांतल्या एकीवर हळदीचं बोट लावल्यासारखा पिवळा डाग, आणि तीन पंखांचं फळ. नर्सरीत 'मधुमालती' म्हणून जी बहुतेक वेळा देतात, पांढऱ्याची गुलाबी आणि मग लाल होणाऱ्या फुलांची, ती रंगून क्रीपर. ती वेगळी. मुलीच्या नावाने वेल लावणार असाल तर फुलाचा तो पिवळा डाग बघूनच रोप घ्या.

वनजा. वनात जन्मलेली असं लोक सांगतात, पण संस्कृतात 'वन' म्हणजे पाणीसुद्धा. अमरकोशात पाण्याच्या नावांत 'जीवनं भुवनं वनम्' येतं. म्हणून वनज म्हणजे कमळ. दोन्ही अर्थ घेता येतात.

वृंदा, म्हणजे तुळस. सुंदर, पण नवं नाही.

'वनिता' मात्र या यादीत धरू नका. त्यात वन नाही. 'वन्' या धातूचा अर्थ आवडणे, इच्छिणे. त्यावरून वनिता, म्हणजे प्रिय स्त्री.

पारंबी:
मनापासून आभार. वनसमूहाचा अर्थ घरात वाचून दाखवला, मोठ्यांचा विरोध निम्मा झाला. 'वल्लरी'ही आता शर्यतीत आहे. दोन शंका राहिल्या. वडिलांचं नाव 'अ'ने सुरू होतं, त्याने काही फरक पडेल का? आणि 'वा' की 'व'?

धातुपाठ:
अवकहडा चक्रात, म्हणजे नक्षत्राच्या चरणावरून नावाचं अक्षर ठरवण्याच्या तक्त्यात, रोहिणीची अक्षरं ओ, वा, वी, वू. तिथे व आणि वा एकच धरतात, तेव्हा 'वन्या' दुसऱ्या चरणालाच पडतं. 'वल्लरी'ही चालेल. तसंही जन्मनाव पत्रिकेपुरतं वेगळं आणि व्यवहारनाव वेगळं ठेवण्याची पद्धत जुनीच आहे, त्यामुळे अक्षरासाठी आवडतं नाव सोडायची गरज नाही.

कानसेन:
फरक पडतो. 'वन्या'चा शेवट आ, पुढच्या नावाची सुरुवात अ. सलग म्हटलं की दोन्ही एकमेकांत मिसळतात. उदाहरणार्थ 'वन्या अभिजित' हे पटकन 'वन्याभिजित' ऐकू येतं. वर्गात हजेरी घेताना किंवा रुग्णालयात नाव पुकारताना हे जाणवेल. 'वल्लरी अभिजित'मध्ये ई आणि अ वेगवेगळे राहतात. एवढ्यावरून नाव बदलू नका, पण पूर्ण नाव एका श्वासात पाच वेळा म्हणून बघा. त्याबरोबर लांबून हाक, 'अगं' न लावता हाक, 'ला' लावून एक वाक्य आणि फोनवर अनोळखी माणसाला नाव सांगणं, एवढंही करून पाहा. फोनवर सांगताना समोरचा 'काय? वाण्या?' असं विचारतो का ते नक्की तपासा. 'वाण्याचं दुकान' सगळ्यांच्या कानात बसलेलं असतं.

पाळण्याची काळजी मात्र अजिबात नको. 'जो बाळा जो जो रे जो' मध्ये 'बाळा' गुरू-गुरू आहे आणि आघाताने म्हटलेलं 'वन्या'ही तसंच. 'बाळा'च्या जागी थेट बसतं. उलट बारशाला तेच गाऊन घ्या. चाल 'वन्'वर थांबायलाच लावते, त्यामुळे जमलेल्या सगळ्यांच्या तोंडी पहिल्याच दिवशी बरोबर उच्चार बसेल.

दाखला_खिडकी:
कागदपत्रांचं सांगतो, कारण घोळ बहुतेक तिथेच होतो.

जन्माची नोंद २१ दिवसांत व्हावी लागते, पण त्या वेळी नाव द्यायलाच हवं असं नाही. रुग्णालयातून कळवलेल्या नोंदीत नावाचा रकाना बहुधा रिकामाच असतो. नोंदणीपासून १२ महिन्यांपर्यंत नाव शुल्काशिवाय भरता येतं, त्यानंतर १५ वर्षांपर्यंत विलंब शुल्क भरून. तेव्हा बारशाच्या दुसऱ्या दिवशी धावण्याऐवजी महिनाभर घरात नाव वापरून बघा. मात्र एकदा नाव चढलं की 'आता वल्लरी करा' असं सांगून ते बदलत नाही. लेखनातली चूक पुराव्यानिशी दुरुस्त होते. अख्खं नाव बदलायचं म्हणजे राजपत्रापर्यंत जावं लागतं. १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मलेल्या मुलांसाठी शाळाप्रवेशापासून पासपोर्टपर्यंत जन्मतारखेचा आधार हाच दाखला असल्यामुळे त्यातली चूक पुढे सगळीकडे उतरते.

स्पेलिंग साधं ठेवा: व्ही, ए, एन, वाय, ए. 'ए' दोनदा घातला की लोक खात्रीने 'वान्या' वाचतील. एकदा घातला तरी काही जण तसं वाचतीलच, रोमन लिपीत त्याला इलाज नाही. म्हणून मराठी रकान्याकडे जास्त लक्ष द्या. टंकताना 'न्या'चा 'ण्या' होणं किंवा 'व'ला काना लागणं, या दोन चुका या नावात ठरलेल्या. अर्जात नाव देवनागरीत ठळक, सुटं लिहा आणि शेजारी फोड करून द्या: व, मग अर्धा न, मग या. दाखला छापण्याआधी पडद्यावरची नोंद दाखवायला सांगा आणि मराठी व इंग्रजी दोन्ही रकाने अक्षर-अक्षर वाचा. वडिलांचं नाव आणि आडनाव त्यांच्या आधार कार्डावर आहे तसंच, त्याच स्पेलिंगने.

पारंबी:
काल संध्याकाळी घरात सगळ्यांनी आळीपाळीने दोन्ही नावांनी हाक मारून पाहिली. फोनवर 'वाण्या?' दोनदा आलं, पण आजीने 'वन्-न्या' असं काही ठसक्यात म्हटलं की सगळ्यांना तेच पटलं. तर वन्या नक्की. पाळण्यावर लिहायच्या पाटीवर नावाखाली 'वन्या वनसमूहे स्यात्' ही ओळ टाकायची आहे. 'स्यात्'चा पाय मोडका लिहायचा ना?

धातुपाठ:
हो, 'त्' हलन्त. आणि 'वनसमूहे' एकसंध लिहा, 'मू' दीर्घ. अभिनंदन!