पाण्याखालचं गाव : तुमच्याकडच्या गूढ गोष्टी सांगा (अनुभव धागा)

घटप्रभाकाठ
परवा चुलतभावानं फोटो धाडला. घटप्रभेवरच्या हिडकल धरणाचं पाणी उतरलंय, हुन्नूरचं विठ्ठलाचं देऊळ उघडं पडलंय, सगळं गाळानं माखलेलं. एरवी वर्षातले कितीतरी महिने ते पाण्यातच असतं. फोटो बघितला आणि आमच्या आजोबांचं पाण्याखालचं गाव आठवलं.

आमचं जुनं गावही त्याच धरणात गेलं. ५१ टीएमसीतलं किती पाणी आपल्या मळ्यावर उभं आहे, ते आजोबा बोटांवर मोजून सांगायचे. पण गाव बुडालं असं कधी म्हणाले नाहीत. 'खाली राहायला गेलंय' म्हणायचे. खाली दिवस निळा असतो. पाऊस जमिनीतून वर जातो. शनिवारी बाजार भरतो, पण पैसा चालत नाही, आवाज मोजून द्यायचा. एक हाक दिली की शेरभर जोंधळे. त्यामुळं तिथली माणसं हळूहळू मुकी होतात. ज्याचा आवाज संपला तो देवळात जाऊन घंटा वाजवतो.

ती घंटा मी ऐकलीय. दहा वर्षांचा असेन, मे महिना, अंगणात जेवत होतो. पाण्याकडून तीन टोल. आजोबांनी भाकरी ताटात ठेवली. म्हणाले, "आपली घंटा तर मीच काढून वर आणली." बस, एवढंच. नंतर विचारलं तर चिडायचे.

तुमच्याकडं असं काही असेल तर लिहा.

निपाणीची माई
काटा आला अंगावर. आवाज देऊन जोंधळे! आमच्या ह्यांना पाठवते तिकडं, दिवसभर फुकट खर्च करतात.

जांबोटी
आमच्या रानात पावसाळ्यात कुजकं लाकूड रात्री उजळतं. हिरवट, मंद. आजी सांगायची, वाट चुकलेल्या माणसांच्या विड्या आहेत त्या, विझेपर्यंत त्यांना घर सापडत नाही. मुलगा आता सांगतो की ती बुरशी, लाकूड कुजवते आणि हवा मिळाली की उजेड देते. हातात घेऊन बघितलं, गार असतं. तरी मी बिडी सोडली हो.

येळ्ळूरकर
@जांबोटी, बिडी सोडलास? पार्टी कधी?

जांबोटी
सोडली म्हणजे रानात ओढत नाही.

खानापूर लोकल
तिसऱ्यांदा तेच आंब्याचं झाड आलं तेव्हा काका म्हणाले, चकवा हाय, आता हलायचं नाही. चपला अदलाबदल करून झाल्या, सदरा उलटा घालून झाला. शेवटी तंबाखू मळत बसून राहिलो. उजाडलं तर आमच्याच बांधावर. काकूनं आधी काकांचं तोंड हुंगलं, मग चहा दिला.

शहापूर गल्ली
'नाळे बा'ची साथ आठवते कुणाला? रात्री एक चेटकीण दारात येऊन ओळखीच्या आवाजात हाक मारते, ओ दिली की संपलं. म्हणून दारावर कानडीत लिहायचं, 'नाळे बा', म्हणजे उद्या ये. आमच्या आईनं खडूनं मराठीत 'उद्या या' लिहिलं. अहोजाहो! शेजारच्या काकू म्हणाल्या, तिला मराठी येत नसलं तर? मग खाली कानडीतपण लिहून घेतलं.

येळ्ळूरकर
सीमावाद भुतानंसुद्धा सोडला नाही 😂

निपाणीची माई
शहापूर म्हटल्यावर मांडे आठवले. घरी कोण करतं का अजून? सासूबाईंच्या हातावर पुरी चादर व्हायची, माझा रुमाल होतो आणि तोही फाटतो.

शहापूर गल्ली
माई, पीठ जरा जास्त मळा आणि झाकून ठेवा. मेसेज करते.

मास्तर रिटायर्ड
मूळ लेखकास : उन्हाळ्यात रात्री पाण्यालगतची हवा गार आणि वरची गरम असते. मग वर जाणारा आवाज वाकून खाली येतो आणि एरवी पोचत नाही तिथं ऐकू येतो. पलीकडच्या काठावर देऊळ असणार. गोष्ट मात्र झकास.

घटप्रभाकाठ
सर, हेच मी कॉलेजात असताना आजोबांना सांगितलं होतं. पलीकडं तेव्हा देऊळ नव्हतं, शाळा होती.

मास्तर रिटायर्ड
मग शाळेची घंटा.

घटप्रभाकाठ
मे महिन्यात? रात्री?

मास्तर रिटायर्ड
पोरं काय वाटेल ते करतात. तीस वर्षं बघितलंय.

खानापूर लोकल
देऊळ बघायला यायचंय. पाऊस लागला की परत बुडणार न्हवं?

घटप्रभाकाठ
होय, जूनच्या आत या. गाळात पाय जातो, जुन्या चपला घाला.

निपाणीची माई
आजोबा आहेत का हो?

घटप्रभाकाठ
नाहीत माई. वारं गेलं अंगावरून, नंतर अकरा महिने वाचा नव्हती. सगळं कळायचं, बोलता यायचं नाही. शेवटच्या आठवड्यात चांगला हात वर करून दोरी ओढल्यासारखं करायचे. आईला वाटायचं पंखा लावा म्हणतात. ती लावायची, ते मान हलवायचे.

निपाणीची माई
🙏

येळ्ळूरकर
रविवारी आम्ही दोघं चाललोय बघायला, गाडीत दोन सीट रिकाम्या आहेत. खानापूर, येणार काय? मास्तरांना पण विचारा.

मास्तर रिटायर्ड
येतो. अंधार पडेपर्यंत थांबणार असाल तर.