मदत हवी आहे: पान दे मुएर्तोवरची हाडं पावात विरघळून जातायत, परवापर्यंत जमायला हवंय

अबोली_दूरदेशी:
तातडीने मदत हवी आहे. पान दे मुएर्तो दोनदा केला, दोन्ही वेळा बिघडला. पीठ मस्त फुगतं, हाडं लावते तेव्हा सुरेख दिसतात, पण ओव्हनमधून येतो तो बसका पाव, वर नुसत्या दोन रेघा. मधला गोळा एका बाजूला घसरलेला. अर्धा किलो मैदा, बाकी सगळं रेसिपीप्रमाणेच. काय चुकतंय?

उकडशेंगा:
कुठली रेसिपी? यीस्ट ताजं की कोरडं, किती ग्रॅम? लोणी किती? किती वेळ फुगवलं? "बाकी सगळं" म्हणजे काय ते कळल्याशिवाय काय सांगणार?

तुळशीबागेतली:
हाडं?? पावावर?

मूगगिळून:
@तुळशीबागेतली, मेक्सिकोत १ आणि २ नोव्हेंबरला गेलेल्या माणसांसाठी घरात ओफ्रेंदा, म्हणजे त्यांच्या आठवणीची आरास, मांडतात. १ तारीख लहान मुलांची, २ मोठ्यांची. फोटो, मेणबत्त्या, पाणी, मीठ, झेंडू, त्या माणसाच्या आवडीचे पदार्थ आणि हा गोड पाव. वर पिठाच्याच वळ्या आडव्या-उभ्या लावतात ती हाडं, मधला गोळा म्हणजे कवटी. झेंडू मूळचा तिकडचाच, बरं का.

सात्त्विक_स्वाद:
पितरांसाठीच्या पदार्थात अंडं कशाला? मी अंड्याऐवजी दही घालते, लुसलुशीत होतो. रेसिपी देऊ का?

अबोली_दूरदेशी:
नको, अंडी हवीतच. मैदा ५००, साखर १२०, लोणी १२०, अंडी ४, इन्स्टंट यीस्ट १० ग्रॅम, थोडं दूध, संत्र्याची साल, अनीस. दोन तास फुगवलं, आकार दिल्यावर आणखी दीड तास. १८० वर २५ मिनिटं.

गोंयचो_उंडो:
आमच्याकडे गोव्यात पूर्वी पोदेर, म्हणजे पाववाले, माडाची सूर (माडी) घालून पाव फुगवायचे. ती चव यीस्टला येणं नाही. सूर मिळते का बघा.

लाटणंबाई:
लोणी जास्त झालंय. ८० ग्रॅमवर आणा, हाडं टिकतील. आणि अनीस नसेल तर बाळंतशेप चालेल.

उकडशेंगा:
@लाटणंबाई, बाळंतशेपेचा वास पार वेगळा. आपली बडीशेप त्यातल्या त्यात जवळची. आणि लोण्याचा दोष नाही, १२० ठीक आहे. लोणी पीठ मळून ताणलं जायला लागल्यावर घालायचं, आधी नाही. अबोली, तुम्ही राहता कुठे?

लाटणंबाई:
मी २० वर्षं पाव भाजतेय. लोणीच.

कोपऱ्यावरचा:
तिकडे बेकऱ्यांत ढिगाने मिळत असेल. विकत आणा, मोकळ्या व्हा.

अबोली_दूरदेशी:
मिळतो, गल्लीगल्लीत. पण खालच्या मजल्यावरच्या आजी जूनमध्ये गेल्या. दर वर्षी त्या घरी करायच्या आणि एक पाव फडक्यात गुंडाळून वर आणून द्यायच्या, गरम असतानाच. त्यांच्या लेकीला करता येत नाही. आजींच्या फोटोपुढे या वर्षी बेकरीचा पाव ठेवायला तिचं मन होईना, म्हणून मी हो म्हटलं. आजी तीन बोटं फाकवून वळी पुढे-मागे फिरवायच्या, बोटांच्या फटींत गाठी उठायच्या. तेवढं बघून शिकलेय, प्रमाण विचारायचं राहिलं.
मी मेक्सिको सिटीत आहे.

उकडशेंगा:
हे पहिल्याच ओळीत हवं होतं! शहर २,२४० मीटरवर आहे. हवेचा दाब समुद्रकाठच्या साधारण पाऊणपट, त्यामुळे पिठातला वायू जास्त पसरतो आणि पीठ लवकर फुगतं. रेसिपीतले दोन तास सखल गावाचे. तुमचं पीठ फुगून फुगून दमतं, मग ओव्हनमध्ये बसतं आणि हाडांना घेऊन बसतं.
यीस्ट ७ ग्रॅम करा. घड्याळ बघू नका, पीठ दुप्पट झालं की थांबा. आकार दिल्यावर बोटाने हलकं दाबा: खळगा सावकाश भरून आला तर भाजा, तसाच राहिला तर उशीर झालाय. हाडांसाठी बाजूला काढलेल्या पिठात दोन चमचे मैदा जास्त मळा आणि ते फ्रिजमध्ये ठेवा. वळ्या अगदी शेवटी, भाजायच्या जरा आधी, अंडं लावून चिकटवा. आधी लावल्यात तर त्याही फुगतात.

मूगगिळून:
+१. मी टोलुकाला होते, आणखी उंचावर. तिथे तासाभरातच पीठ भांड्याबाहेर यायचं.

सात्त्विक_स्वाद:
दह्याची रेसिपी व्यनि (व्यक्तिगत निरोप) केली आहे.

अबोली_दूरदेशी:
झाला! पहिल्यांदा ५५ मिनिटं, नंतर ३५ पुरली. चार पाव केले, तिघांवर हाडं गाठींसकट उभी आहेत. चौथ्यावरचा गोळा थोडा कलला, तो आमच्या घरी. लेक वर येऊन बघून गेली, वळीवरून बोट फिरवलं आणि बराच वेळ काही बोलली नाही. लोणी-साखर आत्ताच लावू की उद्या?

उकडशेंगा:
उद्या, खाली नेण्याच्या तासभर आधी. आज लावलीत तर डब्यात साखरेला पाणी सुटेल. आत्ता पूर्ण गार होऊ द्या, मग फडक्यात गुंडाळा.