'द सेटलर्स' आणि गोऱ्यांचा अपराधगंड

रानवारा: काल इथे 'द सेटलर्स' या पिक्चरवर कुणीतरी लिहिलं, "द सेटलर्स म्हणजे गोऱ्यांनी ऊर बडवून घ्यायचा कार्यक्रम, सेल्कनाम लोक नुसते मरायला आणलेत." वाचून डोकं फिरलं. अरे, दिग्दर्शक फेलिपे गाल्वेझ चिलीचा आहे, तो आपल्याच देशाच्या इतिहासातलं दडपलेलं पान उघडतोय. 1901, दक्षिण अमेरिकेच्या टोकाचं तिएरा देल फ्युएगो, सेल्कनाम तिथले मूळ रहिवासी. मेनेंदेझ या बड्या जमीनदाराला मेंढ्यांसाठी रान मोकळं हवंय म्हणून तो तिघांना पाठवतो. आणि शेवटी तो सरकारी साहेब कॅमेरा लावून कियेप्या या सेल्कनाम बाईला चहा प्यायला सांगतो, त्याला एकसंध देशाचं चित्र हवंय, तिनं काय काय भोगलंय त्याचं त्याला काय! ती कप तोंडाला लावत नाही. ही काय नुसती मरायला आणलेली बाई आहे?

सडेतोड: लिहिणारा मीच, आणि मागे घेत नाही. धुक्यातली कत्तल आठव. गोळ्यांचा आवाज, धूर, मरणाऱ्यांचे चेहरे दिसतच नाहीत. आपण बघतो ते त्या तिघांतल्या सेगुंदोला, त्याची घालमेल. मारलेल्यांचा पिक्चर वेगळा असता.

मेंढका: तुमचं चालू द्या, पण जो तो मेंढ्यांनी रान खाल्लं म्हणतो त्याचा मला राग येतो. आमच्या घरी मेंढरं आहेत. दिवाळीनंतर कोकणात उतरायचं, शेतात मेंढरं बसवायची, रात्री जाळ्याची वाघर लावायची आणि निघताना गुंडाळून घ्यायची, मागे राहते ती लेंडी. आमचं चराईचं रान गेलं ते तारेच्या कुंपणाने, वडलांना पोरासोरांसमोर शिव्या खाव्या लागल्यात तिथे.

सडेतोड: इथे नरसंहारावर बोलतोय आपण, चराईवर नाही!

मेंढका: आवाज कमी. तिथेही कुंपणच आलं ना आधी? सेल्कनाम ग्वानाको, म्हणजे लामासारखा रानटी प्राणी, मारून जगायचे, ते रान तारेत गेलं, मग मेंढी मारली की चोर ठरले, मग एका माणसामागे बक्षीस, पुरावा म्हणून कान कापून आणायचे. हे तुम्हाला चराईचं वाटत असेल तर वाटू दे.

रानवारा: आणि उरलेल्यांना डॉसन बेटावर मिशनऱ्यांकडे नेलं, तिथे रोगराईने किती मेले. वर "ही जमात संपली" म्हणून मोकळे. वंशज ओरडून सांगत होते आम्ही आहोत, चिलीच्या कायद्यात नाव लागलं 2023 मध्ये, पिक्चर आला त्याच वर्षी.

सडेतोड: बरं, कुंपणाचं मानलं. धुक्याचं नाही मानलं आणि मानणारही नाही, चेहरे दाखवायलाच हवे होते.