जुन्या फुटेजमधली माणसं

माहितीपटात वापरलेल्या जुन्या फुटेजमध्ये (आधीच्या चित्रीकरणात) नुसतं दिसणाऱ्यांची नावं श्रेयनामावलीत कशाला, असं काहीजण म्हणतात, म्हणून लिहितो. आसिफ कपाडियाच्या २०१० सालच्या 'सेन्ना' या माहितीपटात फॉर्म्युला वन मोटार शर्यतपटू आयर्टन सेन्ना अख्खा जुन्या फुटेजमधूनच भेटतो. तो १९९४ मध्येच शर्यतीतल्या अपघातात वारला. त्याच्याबद्दल नव्याने बोलणाऱ्यांचे फक्त आवाज येतात. मग प्रमुख भूमिका त्याचीच ना?

खरी पंचाईत निनावी लोकांची. दिग्दर्शक पीटर जॅक्सनने आपल्या माहितीपटासाठी पहिल्या महायुद्धाच्या मूक फिती घेतल्या, तेव्हा सैनिक काय बोलतायत हे ओठ वाचणाऱ्या तज्ज्ञांकडून काढून घेतलं आणि नटांकडून वदवलं. आवाज मिळाला, पण बहुतेकांचं नाव नाहीच. परवानगीचं तर विचारूच नका: ती फुटेजच्या मालकाकडून घेतात, त्यात दिसणाऱ्याला बहुधा कुणी विचारत नाही.