मदत हवी आहे: थ्रेट इंटेलिजन्सचं (हल्लेखोरांबद्दलच्या माहितीचं) सबस्क्रिप्शन घ्यायचं ठरतंय, पण दोन माणसांच्या आयटीने ते चालवायचं कसं?

काउंटरमागचा

नमस्कार मंडळी,

गोव्यातल्या एका हॉटेल ग्रुपचं आयटी मी बघतो. एक हॉटेल कळंगुटला, एक कोलव्याला, एक पणजीत. विभाग म्हणजे मी आणि एक पोरगा, आणि तो पोरगाही निम्मा दिवस खोल्यांमधले टीव्ही आणि वायफाय दुरुस्त करत फिरतो.

चवथीच्या (गणेश चतुर्थीच्या) आठवड्यात निम्मा स्टाफ गावी गेला होता. कळंगुटच्या रिसेप्शनवर नवा मुलगा एकटाच. एका बुकिंग साइटच्या नावाने मेल आला, ‘पाहुण्याने तुमच्याविरुद्ध तक्रार केली आहे, २४ तासांत उत्तर द्या.’ त्याने लिंक उघडली. ‘तुम्ही रोबोट नाही हे सिद्ध करा’ असं पान आलं. त्यावर पायऱ्या होत्या: विंडोज आणि आर दाबा, मग कंट्रोल व्ही, मग एंटर. पोरगा आज्ञाधारक, तिन्ही दाबलं. स्क्रीनवर काहीच झालं नाही, म्हणून तो विसरूनही गेला.

चार दिवसांनी एका पाहुण्याचा फोन: ‘तुमच्या हॉटेलकडून व्हॉट्सअ‍ॅपवर कार्ड पुन्हा व्हेरिफाय करायला सांगताय, हे खरं का?’ त्यात बुकिंग नंबर, तारखा, नाव, सगळं बरोबर. मी मशीन फॉरमॅट केलं, पासवर्ड बदलले आणि प्रकरण मिटलं असं समजलो.

मालकांनी मात्र मनावर घेतलं. एका सेमिनारला गेले आणि तिथे कुणीतरी त्यांना क्लाउडवरचा थ्रेट इंटेलिजन्स प्लॅटफॉर्म दाखवला. काळ्या पडद्यावर जगाचा नकाशा, लाल रेषा इकडून तिकडे उडतायत. आल्यावर मला म्हणाले, “पात्रांवाची (मालकाची) नोकरी करतोस ना, मग हे घे.” कोटेशन वर्षाला नऊ लाखांचं आहे.

मी म्हटलं आधी फुकटात काय मिळतं बघू. ओटीएक्सवर (अशी माहिती फुकट देणाऱ्या साइटवर) खातं काढलं, दिसतील तेवढे पल्स, म्हणजे धोक्यांच्या याद्या, सबस्क्राइब केले, त्यातले आयपी (इंटरनेटवरचे पत्ते) फायरवॉलच्या ब्लॉकलिस्टला जोडले. रांपण (किनाऱ्यावरून ओढायचं मोठं जाळं) ओढल्यासारखं झालं, मासे कमी आणि शेवाळच जास्त. शनिवारी दुपारी एक वाजता, ऐन चेक-इनच्या वेळी, पणजीच्या काउंटरवर पेमेंटचं पान उघडेना. बॅगा घेऊन आठ-दहा पाहुणे उभे. मॅनेजर बाई कोकम सरबत वाटतायत आणि मधूनमधून माझ्याकडे बघतायत. पाऊण तासाने सापडलं: यादीतला एक आयपी अनेकांच्या साइट्स पुरवणाऱ्या मोठ्या सीडीएन कंपनीचा होता, आणि त्याच आयपीमागे आमचं पेमेंटचं पानही होतं. यादी काढून टाकली.

तर प्रश्न असा. आमच्यासारख्यांनी ही गोष्ट वापरायची नक्की कशी? नऊ लाख दिले तर त्यातलं किती माझ्या हातून वापरलं जाईल? आणि व्हेंडरला काय विचारू? जाणकारांनी जरा खोलात जाऊन सांगावं.

वेर्णा_रात्रपाळी

वेर्ण्याच्या एका औषध कंपनीत सॉकमध्ये (सायबर सुरक्षेवर पाळत ठेवणाऱ्या कक्षात) बसतो, म्हणून थोडं स्पष्ट बोलतो. राग मानू नका.

नऊ लाखांचं नंतर. तुमच्याकडे लॉग (यंत्रांनी ठेवलेल्या नोंदी) किती दिवसांचे आहेत? समजा, पोलीस फोटो घेऊन आले, हा माणूस तुमच्याकडे उतरला होता का म्हणून. तुम्ही पाहुण्यांचं रजिस्टरच ठेवलेलं नाही. मग फोटो कितीही स्वच्छ असला तरी काय उपयोग? फीड (धोक्यांची सतत येणारी यादी) म्हणजे तो फोटो, आणि लॉग म्हणजे रजिस्टर. फायरवॉल, डीएनएस, मेल, रिसेप्शनचे पीसी यांचे लॉग एका जागी येत नसतील तर फीड विकत घेऊन ते कशाशी जुळवणार?

दुसरं, आयपीची यादी थेट ब्लॉकला कधीच जोडू नये. आज वाईट असलेला आयपी परवा दुसऱ्याच कुणाच्या सर्व्हरला मिळतो. २०१३ मध्ये डेव्हिड बियांको यांनी ‘पिरॅमिड ऑफ पेन’ मांडला, तो एकदा बघा. हॅश (फाइलचा ठसा) आणि आयपी तळाशी, कारण हल्लेखोराला ते बदलायला काहीच लागत नाही. वर टोकाला त्यांची काम करायची पद्धत. ती बदलायची तर त्यांना घाम फुटतो.

तुमच्या पोराबरोबर जे झालं त्या पद्धतीला क्लिकफिक्स म्हणतात: पान गुपचूप एक कमांड कॉपी करून ठेवतं आणि माणूस ती स्वतःच विंडोजच्या रन खिडकीत पेस्ट करून चालवतो. मायक्रोसॉफ्टने मार्च २०२५ मध्ये यावर सविस्तर लिहिलंय. डिसेंबर २०२४ पासून बुकिंग साइटच्या नावाने हॉटेलवाल्यांनाच असे मेल जात होते, आणि दक्षिण आशियाही त्यात होता. हेच थ्रेट इंटेलिजन्स, बाबा, आणि ते फुकट होतं. वाचून एकच काम करायचं होतं: रिसेप्शनच्या लॉगिनला रन खिडकी ग्रुप पॉलिसीने (विंडोजच्या केंद्रीय सेटिंगने) बंद. रिसेप्शनिस्टला रनचं काय काम? एमएसएचटीए आणि पॉवरशेल हे कमांड चालवणारे विंडोजचे प्रोग्रामही त्या लॉगिनला अडवा, कारण आता विंडोज आणि एक्स दाबायला सांगणारे प्रकारही आलेत.

आणि फॉरमॅट केलंत ते चुकलं. रनमध्ये पेस्ट केलेली कमांड रजिस्ट्रीत (विंडोजच्या सेटिंग्जच्या साठ्यात) रनएमआरयू नावाच्या कीखाली राहते. पुरावा तुम्हीच धुतलात. पण तो मेल अजून मेलबॉक्समध्ये असेल ना? त्यातला डोमेन हा तुमचा स्वतःचा पहिला इंडिकेटर (हल्ल्याची खूण). तिन्ही हॉटेलांत तो मेल कुणाकुणाला आला ते आधी शोधा.

सह्याद्रीपल्याड

नऊ लाखांत एक चांगला माणूस येतो. एवढंच म्हणतो आणि गप्प बसतो.

विक्रीतला_माणूस

मी अशाच गोष्टी विकतो (काउंटरमागचा यांना कोटेशन देणारा मी नव्हे), म्हणून विकणाऱ्यांची बाजू मांडतो.

पैसे देऊन जे मिळतं ते मुख्यतः यादीत नसतं. तुमच्या नावाशी मिळतंजुळतं डोमेन कुणी नोंदवलं की कळवणं, ते उतरवून घ्यायला मदत, चोरीच्या पासवर्डांच्या बाजारात तुमच्या डोमेनचे मेल दिसले की सांगणं, आणि इंडिकेटर शिळा झाला की यादीतून काढणं. शेवटचं सगळ्यात महत्त्वाचं, पण डेमोत कुणी दाखवत नाही. नकाशा दाखवतात. त्या नकाशाचा कामाशी काडीचा संबंध नाही, हे मीच सांगतो.

तेव्हा डेमो त्यांच्या डेटावर नको. तुमच्याच लॉगवर महिनाभर ट्रायल मागा. रोज किती अलर्ट आले आणि त्यातल्या किती अलर्टवर तुमच्या दोन माणसांना काही करता आलं, एवढंच मोजा. इंडिकेटर किती दिवसांनी बाद होतो, स्टिक्स-टॅक्सीने (अशी माहिती पाठवायच्या प्रमाण पद्धतीने) तुमच्या फायरवॉलला जोडता येतं की त्यांचंच आणखी एक यंत्र घ्यावं लागतं, आणि करार संपला की तुमचा डेटा कुठे जातो, हे लेखी घ्या.

पणजीकरीण

एक जिव्हाळ्याचा मुद्दा. मी अकाउंट्सची, पण आमच्या ऑफिसात हे घडलंय. शंका आली म्हणून एकाने ग्राहकांची एक्सेल फाइल व्हायरसटोटल या फाइल तपासणाऱ्या साइटवर टाकली. तिथे टाकलेली फाइल पैसे भरणाऱ्या सदस्यांना उतरवून घेता येते, हे त्याला ठाऊकच नव्हतं. हॉटेलात तर पासपोर्टचे स्कॅन पडलेले असतात. फाइल टाकू नका, तिचा हॅश काढून तो शोधा. शिवाय फुकटच्या एपीआयला (प्रोग्रामने थेट विचारायच्या सोयीला) मिनिटाला ४ आणि दिवसाला ५०० विचारणा एवढीच मर्यादा आहे, आणि धंद्याच्या कामाला ती चालत नाही. त्यावर यंत्रणा उभी करायला जाऊ नका.

वेर्णा_रात्रपाळी

@पणजीकरीण, शंभर टक्के.

एक राहिलं. सर्ट-इनचा (केंद्र सरकारच्या सायबर सुरक्षा संस्थेचा) २८ एप्रिल २०२२ चा आदेश वाचलात का? अशी घटना लक्षात आल्यापासून ६ तासांत त्यांना कळवायची असते. लॉग १८० दिवसांचे ठेवायचे, भारताच्या हद्दीत. आणि सगळ्या यंत्रांची घड्याळं एनआयसी किंवा एनपीएल या सरकारी संस्थांच्या वेळेशी जुळवलेली हवीत. परदेशी पाहुण्याची माहिती २४ तासांत कळवायची सवय हॉटेलवाल्यांना आहेच, हे त्याच रांगेत बसवा. क्लाउड प्लॅटफॉर्मवाल्याला डेटा कुठल्या देशात ठेवता हे विचारायचं तेही यासाठी. पाहुण्याचे पैसे गेले असतील तर त्याला लगेच १९३० ला (सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला) फोन करायला सांगा.

काउंटरमागचा

सगळ्यांचे आभार. तीन आठवडे धाग्यावर आलो नाही, कारण सांगितलेलं करत होतो. बरं झालं केलं.

@पणजीकरीण, ताई, तुमचा प्रतिसाद वाचून पोटात गोळा आला. मागच्या वर्षी मीही एक ग्रुप बुकिंगची यादी तिथे टाकली होती. मालकांना सांगून टाकलं.

मेल शोधला. तो एकाला नाही, पाच जणांना आला होता. कोलव्याच्या स्पा काउंटरवरच्या बाईंनीही उघडला होता. मी विचारलं तेव्हा म्हणाल्या, “हो, पण काही झालंच नाही.” हेच वाक्य कळंगुटचा पोरगाही म्हणाला होता! यावेळी फॉरमॅट केलं नाही. नेटवर्कची केबल काढली आणि रनएमआरयू उघडलं. एमएसएचटीएने सुरू होणारी लांबलचक ओळ तिथे तशीच बसली होती. तिच्या शेवटी ‘मी रोबोट नाही’ हे शब्द जोडलेले. रनची खिडकी लहान असते, तिच्यात तेवढंच दिसावं म्हणून असणार. दोन मिनिटं मी नुसता बघत बसलो.

त्या ओळीतला डोमेन ओटीएक्सवर आणि तशाच थ्रेटफॉक्सवर शोधला. पासवर्ड चोरणाऱ्या मालवेअरशी जोडलेला निघाला, ब्राउझरमधले पासवर्ड आणि कुकीज दोन्ही उचलणारं. म्हणजे मी फक्त पासवर्ड बदलले होते ते पुरेसं नव्हतं, कुकीजमुळे चोराकडे आधीच लॉगिन झालेलं चालू सेशन होतंच. आता सगळीकडून लॉगआउट मारलं, बुकिंग साइटच्या खात्याला दोन टप्प्यांचं लॉगिन लावलं. सर्ट-इनला कळवलं. चवथीच्या घटनेचे ६ तास कधीच उलटून गेले होते, तेही तसंच लिहिलं.

बाकी ऑफिसातल्या एका जुन्या सर्व्हरवर वाझू (लॉग गोळा करून तपासणारं फुकट सॉफ्टवेअर) बसवलंय, तिन्ही फायरवॉलचे लॉग तिथे येतात. पहिले दोन दिवस काहीच जुळेना. मग कळलं, कोलव्याचं फायरवॉल यूटीसीत (जागतिक प्रमाणवेळेत) लिहितंय आणि बाकीची दोन आपल्या वेळेत, साडेपाच तासांचा फरक. फीडमध्ये यूआरएलहाउस (मालवेअर पसरवणाऱ्या लिंकांची फुकट यादी) घेतलंय, पण फक्त अलर्टसाठी. ब्लॉकचं बटण माझ्या हातात. रोज तीन-चार अलर्ट येतात, ते चहा पिता पिता बघून होतात.

नऊ लाखांचं अजून ठरलेलं नाही. मंगळवारी व्हेंडर पुन्हा येतोय, मालक बसणार आहेत. मी कोलव्याच्या मशीनवरचा तो डोमेन कागदावर लिहून नेतोय. विचारणार, हा तुमच्या प्लॅटफॉर्मला कुठल्या तारखेला माहीत झाला ते आमच्यासमोर उघडून दाखवा.

विक्रीतला_माणूस

हे मला कुणी विचारलं नाही ते बरं आहे. तारीख मेलच्या आधीची निघाली तर ऐकून घ्या. नंतरची निघाली तर चहा पाजून पाठवा.

काउंटरमागचा

हाहा, नक्की. मंगळवारनंतर इथेच लिहितो.

तोवर एक शंका. पणजीत दुपारी वीज गेली की लॉगवाला सर्व्हर बंद पडतो आणि तेवढ्या वेळाचे लॉग गळतात. फायरवॉल इन्व्हर्टरवर आहे, सर्व्हर नाही. फायरवॉलने लॉग स्वतःकडे धरून ठेवून नंतर पाठवायचे अशी काही सोय असते का, की सरळ यूपीएस मागू?