शॉर्ट फिल्म लिहितोय, माणसाला बदलायचंय पण शेवट जमत नाहीये

सातपूरकर:
पंधरा मिनिटांची फिल्म आहे, सगळं शूट नाशकातच. हिरो अंबड एमआयडीसीत सीएनसी, म्हणजे कॉम्प्युटरवर चालणाऱ्या मशीनचा ऑपरेटर, चाळिशीचा, घरी सगळं नीट आहे, पैशाचंही रडगाणं नाही, तरी त्याला स्वतःचाच कंटाळा आलाय, दुसरं कोणीतरी व्हायचंय. गुपचूप एक ब्लेझर घेतो, गाडीच्या डिकीत लपवतो आणि फर्स्ट शिफ्ट सुटली की तो घालून कॉलेज रोडच्या कॅफेत तासभर बसतो. शेवटी रामकुंडात डुबकी मारून ब्लेझर गोदेत सोडतो असं लिहिलंय, पण मित्र म्हणतात फारच फिल्मी झालं. काय करू?

पंचवटीवाली:
मित्र बरोबर बोलतायत. रामकुंडावर अस्थी, दशक्रिया, कुंभ, एवढं सगळं आधीच आहे, त्यात तुझा ब्लेझर कोण बघणार? आणि नदीत कपडे कसले टाकतोस रे, घाण कमी आहे का! त्यापेक्षा तो कॅफेत करतो काय ते सांग. ऑर्डर घेताना नाव विचारतात ना, तिथे तो कुठलं नाव सांगतो?

जुना नाटकवाला:
फाळके आपल्या त्र्यंबकचे. त्यांच्या 1913 च्या 'राजा हरिश्चंद्र'मध्ये बाई मिळेना म्हणून तारामती केली अण्णा साळुंकेंनी, हॉटेलात स्वयंपाकी होते ते. पुढे 1917 ला 'लंकादहन'मध्ये रामही तेच, सीताही तेच. मला नेहमी वाटतं, शूटिंग संपल्यावर लुगडं सोडताना काय होत असेल त्या माणसाचं? तुझा पिक्चर तिथे आहे बघ. पार्किंगमध्ये ब्लेझर काढून घडी घालतो तो शॉट चांगला लांबव, वर म्युझिक अजिबात नको.

सिडकोचा पक्या:
मी अंबडलाच आहे कामाला. मशीन थंड ठेवायला सोडतात त्या कूलंटचा वास हाताला धरून बसतो, साबणाने पण लवकर जात नाही, ब्लेझर घातला तरी हात कुठे लपवणार भाऊ? बाकी कॉलेज रोडला संध्याकाळी साऊंड विसरा, हॉर्नच हॉर्न, सकाळी लवकर उरका.

सातपूरकर:
कूलंट घेतला! डुबकी कट. आणि नाव तो आपल्या सुपरवायझरचं सांगेल. कॉफी झाली की काउंटरवरून ते नाव मोठ्याने पुकारतील, तेव्हा कॅफेत सुपरवायझरच बसलेला दाखवू का?

पंचवटीवाली:
नको, लगेच कॉमेडी होईल. त्याच्या हाताखालचा ट्रेनी पोरगा बसव, आणि तो पण नटूनथटून आलेला.